झेरॉक्समधल्या रक्तवाहिन्या

डिसेंबरात आमच्या मेडिकल कॉलेजच्या वाचनकक्षाच्या फरशा सकाळी इतक्या गार असतात की मुलं पाय खुर्चीवर घेऊन बसतात. निफाडचा पारा किती उतरला हे पेपरात पहिल्या पानावर असतं आणि आग्रा हायवेवरच्या ट्रकांचे दिवे उन्हं वर येईपर्यंत चालू असतात. अशाच एका सकाळी फर्स्ट इयरची एक मुलगी काउंटरपाशी आली. बोलण्यावरून सुरगाणा-पेठकडची वाटली. स्वेटरच्या बाह्या बोटांपर्यंत ओढलेल्या, छातीशी स्पायरल मारलेला जाडजूड गठ्ठा. म्हणाली, "मॅडम, ॲनाटॉमीचं ओरिजिनल पुस्तक थोडा वेळ मिळेल का? वाचायला नकोय. नुसते रंग बघायचेत."

तिने गठ्ठा उघडला तेव्हा मला उलगडा झाला. काखेचं चित्र होतं. मूळ पुस्तकात ते पान रंगीत आहे, आर्टरी म्हणजे धमनी लाल, व्हेन म्हणजे शीर निळी, नर्व्ह म्हणजे मज्जातंतू पिवळ्या. झेरॉक्समध्ये सगळंच राखाडी झालं होतं. काखेतून मोठी आर्टरी जाते, तिला खेटून व्हेन, आणि नर्व्हच्या जाड दोऱ्या त्या आर्टरीला बाजूंनी वेढून असतात. त्यातली दोन मुळं एकत्र येऊन मिडियन नर्व्ह होते, जिच्या जोरावर आपण अंगठा बोटांना टेकवतो. मी डॉक्टर नाही, पण मुलं माझ्यासमोर मोठमोठ्याने पाठ करत आली आहेत, तेव्हा एवढं कानात बसलंय. तिच्या पानावर या सगळ्या एकाच रंगाच्या नळ्या होऊन एकमेकींत शिरल्या होत्या. तिने अंदाजाने रंगवायला घेतलं होतं आणि एका नर्व्हला लाल करून बसली होती. डिसेक्शन हॉलमध्ये सरांनी विचारलं तेव्हा तिला ते कळलं. मी रेफरन्सची प्रत काढून दिली. ती खिडकीपाशी बसली, पेन्सिलच्या पाउचमधून तीन स्केचपेन काढले आणि पान पान जुळवत रंगवू लागली. लाल नीट बसत होता. निळाही. पण राखाडीवर पिवळा बसत नाही, शेवाळ्यासारखा दिसतो. मग ती नर्व्हच्या कडेने बारीक ठिपके देऊ लागली.

सकाळ सरली तरी तिने त्या पुस्तकातली एक ओळ वाचली नव्हती.

डॉक्टर व्हायला आलेल्या मुलीचा अभ्यासाचा वेळ छपाईत हरवलेले रंग परत भरण्यात जावा, हे मला काही केल्या पटेना. ग्रंथपाल म्हणून माझ्याकडे या प्रश्नाची दोन टोकं आहेत आणि दोन्ही एकाच हॉलमध्ये आहेत. एका भिंतीला ॲनाटॉमीपासून सर्जरीपर्यंतची पुस्तकं, कायम हात लागून कडा मऊ झालेली. दुसऱ्या कोपऱ्यात, फॉरेन्सिकच्या पलीकडे, कायद्याचं छोटं कपाट. वैद्यकीय हलगर्जीपणा, ग्राहक संरक्षण, आणि कॉपीराइट कायद्यावरची जाड पुस्तकं. संशोधनाच्या एका कार्यशाळेसाठी कधीतरी घेतलेली ही पुस्तकं कोणी इश्यू करत नाही. मी ती वाचते. दुपारी चारनंतर, मुलं चहाला गेली की. कायद्याची भाषा आधी अंगावर येते, पण कलम ५२ वर आलं की माझ्यासारखीला घरी आल्यासारखं वाटतं. १९५७ च्या कायद्यातलं हे कलम म्हणजे काय काय केल्याने कॉपीराइटचा भंग होत नाही त्याची लांबलचक यादी आहे. शिक्षकाने किंवा विद्यार्थ्याने शिकण्या-शिकवण्याच्या ओघात केलेली प्रत. परीक्षेतल्या प्रश्नातला आणि उत्तरातला मजकूर. स्वतःच्या अभ्यासासाठी रास्त प्रमाणात केलेला वापर. आणि भारतात विकतच मिळत नाही अशा पुस्तकाच्या सार्वजनिक वाचनालयाने आपल्यापुरत्या केलेल्या जास्तीत जास्त तीन प्रती. हे शेवटचं कलम मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा फार बरं वाटलं होतं. कायदा लिहिणाऱ्याच्या डोळ्यांपुढे कधीतरी आमच्यासारखं एखादं कपाट आलं असणार.

पण त्या मुलीच्या गठ्ठ्याला यातलं काहीच सरळ लागू होत नाही. तिच्या पुस्तकाची पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत झेरॉक्स झाली होती, दुकानात, पैसे मोजून. कॉलेजच्या गेटबाहेर हायवेच्या कडेला ते दुकान आहे. काकांच्या कॉम्प्युटरवर फर्स्ट इयरचा सगळा सेट पीडीएफमध्ये असतो. मुलं नुसतं विषयाचं नाव सांगतात. दोन्ही बाजूंनी काढलं की दर उतरतो, स्पायरलचे वेगळे, वर पारदर्शक प्लास्टिकचं कव्हर. ताजा गठ्ठा हातात घेतला की गरम लागतो आणि टोनरचा वास येतो. त्या काकांना मी चोर म्हणू शकत नाही. पावसाळ्यात एखाद्या मुलाचा गठ्ठा भिजला तर ती पानं ते पैसे न घेता परत काढून देतात. कलम ६३ मात्र सहा महिन्यांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आणि पन्नास हजारांपासून दोन लाखांपर्यंत दंड सांगतं, आणि ते कलम काकांच्या दुकानापर्यंत येऊ शकतं हेही मला माहीत आहे.

मी नाशिकरोडला वाढले. तिथे 'प्रेस' म्हटलं की वर्तमानपत्र कोणाच्या मनात येत नाही. आमचे बाबा नोटांच्या प्रेसमध्ये होते. करन्सी नोट प्रेस १९२८ पासून आहे आणि नाशिकरोडच्या कितीतरी घरांची दोन-तीन पिढ्यांची चूल तिच्यावर पेटली आहे. आमच्या चाळीत कोणाच्याही घरी गेलात तरी पुरुष माणसं कागद हातात आला की आधी अंगठ्याने चोळून बघत, मग उजेडाकडे धरत. लग्नपत्रिका असो, रेशनकार्ड असो. बाबा ड्यूटीवरून सुटताना रोज झडती देऊन बाहेर पडत. कामाबद्दल घरात अक्षर बोलत नसत. पण छपाई या गोष्टीबद्दल त्यांना जो आदर होता तो लपत नसे. अस्सल आणि नक्कल यांतला फरक हा आमच्या घरी नीतीचा विषय होता. मी शाळेत मैत्रिणीचं गाइड आणून उतरवून काढत असले तर ते काही म्हणत नसत. हाताने उतरवणं त्यांच्या लेखी अभ्यासच होता. मात्र एकदा फुटपाथवरून घेतलेलं स्वस्त डुप्लिकेट पुस्तक मी घरी आणलं, तर त्यांनी ते उघडलं, चित्राच्या पानावर बोट ठेवलं आणि म्हणाले, "रजिस्टर हललंय बघ." चार रंगांचे ठसे एकमेकांवर नेमके बसले नव्हते. पोपटाच्या चोचीचा लाल रंग चोचीच्या बाहेर हवेत सांडला होता. ते पुस्तक त्यांनी फेकायला लावलं नाही. फक्त म्हणाले, ज्याने हे केलं त्याला चोचीशी काही घेणं नव्हतं.

हे वाक्य मला वैद्यकीय पुस्तकांच्या डुप्लिकेट प्रती बघताना फार आठवतं. झेरॉक्सखेरीज हा दुसरा प्रकारही आहे. हुबेहूब कव्हर, आत पातळ कागद, आणि लाल रंग आर्टरीच्या बाहेर सरकलेला. पोपटाच्या चोचीचं एक वेळ चालून जाईल. इथे त्या पानावर विसंबून कोणीतरी पुढे सुई टोचायला शिकणार असतं.

माझे एक मामा ऐंशीच्या दशकात डॉक्टर झाले. त्यांची पुस्तकं अजून त्यांच्या दवाखान्याच्या माळ्यावर आहेत. बऱ्याच पुस्तकांच्या कव्हरवर चार अक्षरं छापलेली आहेत, ईएलबीएस. ब्रिटिश सरकार स्वतःचे पैसे घालून इंग्रजी पाठ्यपुस्तकं आपल्यासारख्या देशांत स्वस्तात द्यायचं, त्या योजनेची ती खूण. मजकूर तोच, चित्रं तीच, लेखकाचं नाव तेच, किंमत मात्र बरीच खाली. तशीच अमेरिकी मदतीतून निघालेली पुस्तकं होती, आणि मॉस्कोच्या मीर प्रकाशनाची घट्ट बांधणीची सोव्हिएत पुस्तकं होती. त्या देशांनी हे सगळं काही निव्वळ प्रेमापोटी केलं नव्हतं. शीतयुद्ध होतं, मनं जिंकायची होती. पण त्याचा परिणाम असा झाला की मामांना चोरून काही करावं लागलं नाही. सिनियरकडून अर्ध्या किमतीत घेतलं, पास झाल्यावर ज्युनियरला दिलं. सोव्हिएत संघ फुटला आणि तिकडून येणारी पुस्तकं थांबली. ईएलबीएस १९९७ मध्ये बंद झाली. पुस्तकाचा भार तोवर कोणीतरी तिसरा उचलत होता. त्याने हात काढून घेतल्यावर तो भार कोणी उचलायचा हे ठरलंच नाही, आणि तो हळूहळू घसरत गेटबाहेरच्या झेरॉक्सच्या दुकानात येऊन पडला.

प्रकाशक काहीच करत नाहीत असं म्हणणं अन्यायाचं होईल. दक्षिण आशियासाठी वेगळ्या, स्वस्त आवृत्त्या निघतात. मागच्या कव्हरवर लिहिलेलं असतं की विक्री फक्त भारत, नेपाळ, श्रीलंका, बांगलादेश वगैरे देशांत. अशाच आशियाई आवृत्त्या थायलंडहून मागवून अमेरिकेत विकणाऱ्या एका विद्यार्थ्यावर प्रकाशकांनी खटला भरला होता. २०१३ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने त्या विद्यार्थ्याच्या बाजूने निकाल दिला. किमतींतला फरक इतका होता की त्यात धंदा उभा राहिला. पण आमच्याकडे येणाऱ्या मुलांना ही स्वस्त आवृत्तीही महागच पडते, कारण ती एकटी येत नाही. फर्स्ट इयरला ॲनाटॉमी, फिजिऑलॉजी, बायोकेमिस्ट्री, वर ॲटलास, हिस्टॉलॉजी. शिवाय २०१९ मध्ये नवा अभ्यासक्रम आला, प्रत्येक धड्याला कॉम्पिटन्सीचे, म्हणजे मुलाला काय यायला हवं त्याचे, क्रमांक लागले, आणि सिनियरकडचं जुनं पुस्तक एका झटक्यात जुनं झालं. मामांच्या वेळची, हातोहात खाली येणाऱ्या पुस्तकांची साखळी तिथे तुटली. समाजकल्याणच्या पुस्तकपेढीतून दोघांत एक संच मिळतो. परीक्षेच्या आदल्या रात्री दोघांनी एक पुस्तक कसं वाचायचं?

दिल्लीचा खटला कायद्याच्या कपाटातल्या नव्या पुस्तकांत सापडतोच. ऑक्सफर्ड, केंब्रिज आणि टेलर अँड फ्रान्सिस या प्रकाशकांनी २०१२ मध्ये दिल्ली विद्यापीठाच्या आवारातल्या रामेश्वरी फोटोकॉपी सर्व्हिस या दुकानावर दावा लावला. ते दुकान प्राध्यापकांच्या यादीप्रमाणे वेगवेगळ्या पुस्तकांतली प्रकरणं एकत्र करून मुलांना द्यायचं. सप्टेंबर २०१६ मध्ये न्यायमूर्ती राजीव सहाय एंडलॉ यांनी दावा फेटाळला. कॉपीराइट हा काही दैवी किंवा निसर्गदत्त हक्क नव्हे, असं त्यांनी लिहिलं. विद्यार्थी ग्रंथालयात बसून पानंच्या पानं हाताने उतरवून घेत, तेव्हा ते चालत होतं, मग यंत्र आलं म्हणून तेच काम गुन्हा कसं होईल, असा त्यांच्या म्हणण्याचा रोख होता. हे वाचताना मला बाबाच आठवले. पुढे डिसेंबरात खंडपीठाने मुद्दा आणखी नेमका केला. किती टक्के पानं हे महत्त्वाचं नाही, शिकवण्याच्या हेतूला तेवढं लागत होतं का ते बघायचं. २०१७ मध्ये प्रकाशकांनी दावाच मागे घेतला. पण तो निकाल निवडक प्रकरणांचा होता. अख्खी सर्जरीची दोन खंडांची झेरॉक्स त्याच्या आडोशाला आणता येत नाही. माझी मुलं मात्र त्याच निकालाचं नाव घेऊन निर्धास्त असतात.

लिहिणाऱ्याचं काय, हा प्रश्न मला दुसऱ्या बाजूने छळतो. आमच्याकडे फिजिऑलॉजीचे एक सर होते, आता निवृत्त आहेत, गंगापूर रोडला राहतात. त्यांनी प्रॅक्टिकलचं एक मॅन्युअल लिहिलं होतं. बेडकाच्या स्नायूचे आलेख त्यात होते, जुन्या पद्धतीने काढलेले. फिरत्या ड्रमवर कागद लावायचा, त्यावर काजळी धरायची, स्नायू आकसला की सुई काजळीवर पांढरी रेघ ओढते. मग तो कागद लाखेच्या द्रावणात बुडवून वाळवायचा, नाहीतर बोट लागलं तरी आलेख पुसला जातो. सरांनी ते सगळं स्वतः केलेलं. रेघ थरथरली की कागद टाकून पुन्हा. मुलं त्या मॅन्युअलच्या झेरॉक्स काढत, सरांना ठाऊक होतं, आणि ते हसून सोडून देत. म्हणत, नाव तर माझंच आहे ना वर. त्यांना लागलं ते दुसरंच. काही वर्षांनी बाजारात एक गाइड आलं, त्यात त्यांचे आलेख जसेच्या तसे होते, एका रेघेवर सुई जराशी अडखळली होती ती खूणसुद्धा. वर नाव दुसऱ्याचं. ते गाइड त्यांनी माझ्या काउंटरवर आणून ठेवलं. चिडले नाहीत. त्या अडखळलेल्या जागेवर नख टेकवून नुसते उभे राहिले. कायद्यात कलम ५७ आहे. पुस्तकाचे सगळे हक्क विकून टाकले तरी ते आपण केलं हे सांगण्याचा लेखकाचा हक्क शाबूत राहतो. मी सरांना ते कलम दाखवलं. कोर्टात जायचं त्यांचं वय राहिलं नव्हतं.

तेव्हापासून मुलीच्या स्पायरलकडे आणि त्या गाइडकडे मी एकाच नजरेने बघू शकत नाही. झेरॉक्स काढणाऱ्या मुलाला लेखक हवा असतो. गाइडवाल्याला लेखक नकोच असतो.

हेन्री व्हँडाइक कार्टर हा माणूस मला याच कोड्यात भेटला. 'ग्रेज ॲनाटॉमी' जगभर माहीत आहे. १८५८ मध्ये लंडनला ते पहिल्यांदा निघालं तेव्हा त्यात ३६३ चित्रं होती, ती या कार्टरची. लाकडी ठोकळ्यावर थेट आणि उलटी काढायची, म्हणजे छापल्यावर सुलटी उमटतात. हेन्री ग्रेला हजार प्रतींमागे रॉयल्टी ठरली. कार्टरला एकरकमी दीडशे पौंड मिळाले, पुढे काही नाही. मुखपृष्ठाच्या पानावर दोघांची नावं सारख्या आकारात होती, ग्रेने कार्टरचं नाव लहान करवून घेतलं. पुस्तक बाजारात आलं तेव्हा कार्टर लंडनमध्ये नव्हताच. तो आपल्या मुंबईला, ग्रँट मेडिकल कॉलेजात ॲनाटॉमी शिकवायला आला होता. पुढे साताऱ्याला सिव्हिल सर्जन होता. महारोगावर आणि पायाच्या मदुरा रोगावर त्याने इथे फार मोठं काम केलं. मुंबईपासून साताऱ्यापर्यंत आपल्या माणसांच्या जखमा बघत हिंडणाऱ्या या डॉक्टरला, तिकडे त्याच्या चित्रांवर पिढ्या घडताहेत, त्याचा एक पैसा येत नव्हता. हे वाचल्यावर रॉयल्टी म्हणजे श्रीमंत प्रकाशकांची हाव असं सरसकट म्हणायला माझी जीभ रेटत नाही.

कार्टरच्या चित्रांत एक गोष्ट आहे. ती काळी-पांढरी आहेत, आणि नावं बाजूला रेघ ओढून न लिहिता थेट त्या त्या अवयवावर लिहिलेली आहेत. आर्टरीच्या अंगावरच आर्टरीचं नाव. म्हणजे झेरॉक्समध्ये त्यातलं काहीच हरवत नाही. त्या पुस्तकाची १९१८ ची अमेरिकी आवृत्ती आता हक्कमुक्त आहे, इंटरनेटवर पूर्ण मिळते, कोणीही छापावी. पहिल्या आवृत्तीपासून तोवर काही रंग आला, काही चित्रं बदलली, पण कार्टरची पुष्कळ चित्रं तिच्यात ओळखू येतात. स्केचपेनवाल्या त्या मुलीला मी त्यातली काखेची, मानेची, मांडीची पानं काढून दिली. तिने ती हातात घेऊन आधी विचारलं, "मॅडम, हे चालतं ना?" तिच्या तोंडून हा प्रश्न यावा याचंच मला वाईट वाटलं. ॲनाटॉमीच्या मॅडमना दाखवलं तर त्यांनी सांभाळून घ्यायच्या जागा सांगितल्या. शंभर वर्षांत शरीर तेच आहे, नावं बदलली आहेत. त्यात छातीच्या आतल्या आर्टरीला इंटर्नल मॅमरी म्हटलंय, आज पुस्तकात इंटर्नल थोरॅसिक असतं, जरी बायपास करणारे सर्जन अजून जुन्या नावानेच बोलतात. मॅडमनी पानांवर पेन्सिलने नवी नावं लिहून दिली.

ॲनाटॉमीत हे जमलं. फार्माकॉलॉजीत, म्हणजे औषधांच्या शास्त्रात, काय करायचं?

मला सगळ्यात जास्त अस्वस्थ करणारी गोष्ट इथे आहे. आपल्याकडे लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षं कॉपीराइट टिकतो. कवितेला हा हिशोब चालतो. साठ वर्षांनी कविता सगळ्यांची होते आणि तेव्हाही ती जिवंत असते. औषधांच्या पुस्तकाचं आयुष्य किती? पाच वर्षं, फार तर दहा. त्यानंतर त्यातला डोस चुकीचा ठरतो, एखादं औषध बाजारातून उठतं, एखाद्या जंतूवर ते लागू पडेनासं होतं. म्हणजे वैद्यकाचं पुस्तक ज्या दिवशी सगळ्यांना मोकळं होतं, त्या दिवशी ते वाचून उपचार करणं धोक्याचं असतं. आमच्या गोडाऊनमध्ये अशी पुस्तकं आहेत, वाळवीपासून जपलेली, कोणाच्याही हातात द्यायला मी धजत नाही. आणि कायद्याला हे कळलं नव्हतं असंही नाही. १९६७ मध्ये कॉपीराइटच्या आंतरराष्ट्रीय बर्न करारावर स्टॉकहोमला भरलेल्या परिषदेत नव्याने स्वतंत्र झालेल्या देशांची बाजू मांडण्यात भारत पुढे होता. आम्हाला पुस्तकं लागतात, आमची मुलं शिकायची आहेत, हेच त्या भांडणाचं मूळ. १९७१ च्या पॅरिसच्या दुरुस्तीत त्यातलं थोडंफार पदरात पडलं आणि १९८३ मध्ये ते आपल्या कायद्यात आलं. कलम ३२-क काढून बघा. एखादी आवृत्ती भारतात रास्त किमतीत विक्रीला येतच नसेल, तर ती शिक्षणासाठी छापण्याचा परवाना मागता येतो. कथा-कवितेला त्यासाठी सात वर्षं थांबावं लागतं, विज्ञान-तंत्रज्ञानाला तीन. वेगवेगळ्या पुस्तकांची वयं वेगळी असतात हे तिथे स्वच्छ लिहून ठेवलंय.

त्याच्या आधीचं कलम ३२ तर आपल्या भाषेच्या दारापर्यंत येतं. परदेशी पुस्तकाचं भाषांतर शिक्षणासाठी हवं असेल, मूळ मालकाकडे मागूनही परवानगी मिळाली नसेल, तर परवान्यासाठी अर्ज करता येतो, आणि भाषा विकसित देशांत वापरात नसलेली असेल तर पुस्तक निघाल्यावर एका वर्षानंतर. मराठी त्यात बसते. हे फुकटही नाही. मालकाला रॉयल्टी द्यावी लागते, लेखकाचं नाव राहतं. कार्टरवर झालेला अन्याय टाळून मुलांची सोय करणारी ही वाट आहे. ती वापरली मात्र फारशी गेलेली नाही. आधी कॉपीराइट मंडळाकडे जायचं होतं, मग ते काम बौद्धिक संपदा अपील मंडळाकडे गेलं, २०२१ मध्ये ते मंडळच बरखास्त झालं आणि आता न्यायालयाचं दार. एवढ्या खटाटोपात एकटा प्राध्यापक किंवा एकटं कॉलेज कशाला पडेल?

मराठीतून वैद्यक म्हटलं की लोक लगेच दोन फळ्यांत उभे राहतात. मध्य प्रदेशाने २०२२ मध्ये एमबीबीएसची हिंदी पुस्तकं काढली तेव्हा आमच्या स्टाफरूममध्येही खूप वाद झाला. मला वाटतं, एमबीबीएसच्या मुलाला इंग्रजी सोडवणार नाही आणि सोडूही नये. पण ग्रँट मेडिकल कॉलेजात १८६१ मध्ये मराठीचा वर्ग सुरू झाला होता आणि तिथून शिकलेली माणसं गावोगावच्या दवाखान्यांत कामाला लागली होती, हेही खरं आहे. आज सिव्हिलच्या ओपीडीत रांग बघा. मराठी, अहिराणी, कोकणी बोलणारी माणसं, आणि त्यांच्याशी सगळ्यात जास्त बोलतात त्या नर्सिंगच्या मुली. त्यांच्याकडे काय आहे? कोणाचं तरी इंग्रजी पुस्तक, त्यातून कोणीतरी घाईने केलेल्या मराठी नोट्स, त्याची झेरॉक्स, झेरॉक्सची झेरॉक्स. मी अशा एका प्रतीत डोसच्या आकड्यातला दशांश चिन्हाचा ठिपका टोनरच्या डागांत हरवलेला पाहिला आहे. त्या मुलीने शेजारी पेनाने प्रश्नचिन्ह केलं होतं, म्हणून निभावलं.

ग्रंथालय समितीच्या बैठकीत मी हे सगळं मांडलं. पुस्तकपेढीतून दोघांत एक संच मिळतो तिथे उरलेला अर्धा संच कॉलेजने घालावा. नवी आवृत्ती आली की तिची रंगीत ॲटलासची प्रत वाचनकक्षात रात्री उशिरापर्यंत मोकळी राहावी. प्राध्यापकांनी स्वतः लिहिलेल्या नोट्स आणि मॅन्युअलवर नावासह स्पष्ट छापावं, विद्यार्थ्यांनी प्रत काढायला हरकत नाही, विकायला आहे. पहिल्या मागणीवर बजेटचा विषय निघाला, दुसरीवर वॉचमनच्या ड्यूटीचा. तिसरी लगेच मान्य झाली, कारण तिला पैसे लागत नव्हते. कलम ३२ चा मुद्दा मी शेवटी काढला तेव्हा बरेच जण घड्याळ बघत होते. फक्त फार्माकॉलॉजीचे सर थांबले. नर्सिंगच्या मुलींसाठी औषधांचं एक चांगलं परदेशी पुस्तक मराठीत आणायचं त्यांच्या मनात खूप दिवसांपासून आहे, प्रकाशकाला पत्रंही लिहून झाली आहेत, उत्तर नाही. त्यांनी विचारलं, अर्ज कोणाच्या नावाने करायचा, आपल्या कॉलेजच्या?

मी म्हटलं, नको. इथून थोड्या अंतरावर, दिंडोरी रोडला म्हसरूळमध्ये १९९८ पासून अख्ख्या महाराष्ट्राचं आरोग्य विज्ञान विद्यापीठ आहे. गडचिरोलीच्या मुलीचा पेपरही तिथूनच निघतो. पुस्तकासाठीचा अर्जही तिथूनच जाऊ द्या. सरांनी त्यांची जुनी पत्रं माझ्याकडे दिली आहेत, मी ती तारीखवार लावून कलमांच्या प्रतींसोबत फाइल करते आहे.